धक्क्यावर माझा शब्द

हातोडीची ठकठक थांबेना, म्हणून मी त्या माणसाला गप्प करायला गेले.

१९६१ चा सप्टेंबर होता. कॉर्नवॉलच्या किनाऱ्यावर, पोर्टवेनन नावाच्या मच्छीमारांच्या गावात आमचं शूटिंग चाललं होतं. मी हेस्टर प्रिंगल, दुय्यम सहाय्यक दिग्दर्शक. दिग्दर्शकाला जे हवं ते हव्या त्या वेळी, हव्या त्या जागी हजर करायचं, हे माझं काम. तेव्हा इंग्लंडच्या स्टुडिओंत बायका कपडे शिवायच्या, टाइप करायच्या, नट्यांच्या भुवया कोरायच्या. पुरुषांना हुकूम सोडणारी बाई बघायला लोक मुद्दाम यायचे!

पालथ्या घातलेल्या होडीखालून दोन बूट बाहेर आले होते.

"जरा थांबा," मी म्हटलं. "आमचा शॉट चाललाय."

"आणि माझी होडी चाललीये," बूट म्हणाले.

मग बुटांमागून माणूस निघाला. गालावर डांबर, केसांत लाकडाचा भुसा आणि डोळे... ते मी नंतर नीट पाहिले. त्याचं नाव डेन्झिल ट्रेव्हेना.

"थांबायला काय द्याल, लाडके?"

मी कानापर्यंत लाल झाले. त्या गावात मासेवालीसुद्धा गिऱ्हाइकाला 'लाडके' म्हणते, हे मला दुसऱ्या दिवशी कळलं. जरा वाईटच वाटलं.

"चहा कधी पिता?" मी विचारलं.

"कुणी आणून दिला की."

झालं. शॉट आला की मी चहा घेऊन जायची. तो एक कप इतका सावकाश प्यायचा, की आमचा अख्खा प्रसंग उरकायचा. पुढे पुढे तर शॉट संपला तरी कप संपेना. मी सगळ्यांवर ओरडते, मग त्याच्यावरच का नाही, असं त्याने एकदा विचारलं. चहा सांडेल म्हणून, मी म्हटलं. त्या रविवारी त्याने मला होडीतून फिरवलं. परतताना वल्ही सोडून त्याने माझ्या गालावरचे ओले केस बाजूला केले... आणि 'तुम्ही'चं 'तू' होऊन गेलं.

त्याच आठवड्यात आमचा मुख्य सहाय्यक रेगी धक्क्याच्या शेवाळलेल्या पायऱ्यांवरून घसरला. पाय मोडला. दिग्दर्शक मिस्टर ऑर्ड यांनी ताबडतोब लंडनहून दुसरा माणूस मागवला. तो येईपर्यंत मी. हे सांगताना त्यांचा चेहरा दात दुखत असल्यासारखा झाला होता.

दुसऱ्या दिवशी मोठा प्रसंग होता. सारं गाव, बायकामुलांसकट, होड्यांत बसून समुद्रावर निघतं, असा. सगळे बसले आणि टेकडीवरच्या खांबावर वादळाचा इशारा देणारा काळा शंकू चढला. मिस्टर ऑर्ड खूश झाले. अशा लाटा पुन्हा मिळायच्या नाहीत, म्हणाले.

"मिस प्रिंगल, होड्या सोडा."

"नाही."

कॅमेऱ्यामागचे लोक एकदम आपापल्या बुटांकडे बघायला लागले.

"उद्या लंडनचा माणूस येईल. तो आला की तुम्ही घरी जा."

"तो येईपर्यंत धक्क्यावर माझा शब्द चालेल," मी म्हटलं. कर्णा उचलला आणि सगळ्यांना होड्यांतून उतरवलं.

दुपारी लाटा बंदराची भिंत ओलांडून आत आल्या. मिस्टर ऑर्ड हॉटेलच्या खिडकीतून ते बघत राहिले.

जाळ्यांच्या कोठीमागे मी एकटीच उभी होते. डेन्झिल आला, आपला कोट माझ्या खांद्यावर टाकला.

"सोड ना हे सगळं, हेस्टर. माझ्याशी लग्न कर. माझ्या घरी तुला कुणी असं बोलणार नाही."

काळीज उडालंच माझं. खोटं कशाला बोलू? पण पाठोपाठ अशी तिडीक आली...

"ऑर्ड मला म्हणतो, घरी जा. तूही तेच म्हणतोयस. घर तेवढं तुझं, एवढाच फरक."

मी कोट काढून त्याच्या हातात दिला. तो गेला. मग मी रडले, आणि डोळे पुसून उद्याची तयारी करायला बसले.

सकाळी समुद्र निवळला होता. लंडनचा माणूस आला, मिस्टर पिम. भला माणूस. त्याने कर्ण्यातून गावकऱ्यांना होड्यांत बसायला सांगितलं. कुणी हललं नाही. मिसेस जेगो, जिची तिन्ही मुलं काल होडीत होती, धक्क्याच्या दगडावर ठाण मांडून बसली.

"काल आम्हाला उतरवणारी बाई कुठंय?" तिने विचारलं. "ती सांगेल तेव्हा बसू."

तिच्या शेजारी दुसरी बसली, मग तिसरी. ऊन सरकत होतं. मिस्टर पिम माझ्याकडे वळला, कर्णा माझ्या हातात दिला आणि टोपी जराशी उचलली. मिस्टर ऑर्ड समुद्राकडे बघत राहिले. ते 'नाही' म्हणाले नाहीत, एवढं मला पुरेसं होतं.

होड्या निघाल्या. सगळ्यांत पुढच्या होडीत वल्ही मारत डेन्झिल होता. बघायचं होतं क्षितिजाकडे, गडी बघत होता माझ्याकडे. तरी शॉट पहिल्या फटक्यात झाला.

होडी परत लागली तेव्हा मी खालच्या पायरीवर उभी होते.

"काल मी चुकीचं विचारलं," तो म्हणाला.

"मग आता मी विचारते. मी महिनोन् महिने घरी नसेन. आज स्कॉटलंड, उद्या स्पेन. नाव प्रिंगलच राहील. पण काम संपलं की परत येईन, दर वेळी तुझ्याकडेच. करशील माझ्याशी लग्न?"

"आणि मी काय करायचं?"

"होड्या बांध. मी तुला घरी बसवायला आले नाहीये."

तो हसला. मग हळूच म्हणाला, "ऑर्ड ऐकतोय."

"ऐकू दे."

आणि मी त्याचं चुंबन घेतलं. भर उजेडात, अख्ख्या गावासमोर. तोंडाला समुद्राचं मीठ लागलं.

मागून कुणीतरी खाकरलं.

"मिस प्रिंगल," मिस्टर ऑर्ड म्हणाले, "पुढचा शॉट घ्यायचा का... तुमची हरकत नसेल तर?"

"हरकत आहे," मी मागे न बघता म्हटलं. "थोडं थांबा."

आणि सगळे थांबले.