दाबलेले ठोके

मला भुताखेतांच्या गोष्टी आवडत नाहीत. ही सांगतोय, कारण हिच्यात मी स्वतः होतो. माझ्या उजव्या हाताची दोन बोटं त्या दिवशी गेली. खोटं वाटलं तर हात दाखवतो.

भर दुपारची गोष्ट आहे. बाराला दहा मिनिटं कमी. लख्ख ऊन होतं.

आम्ही दोघे भाऊ मनोऱ्यावरची घड्याळं दुरुस्त करायचो. दादा माझ्याहून नऊ वर्षांनी मोठा. वडील गेल्यावर त्यानेच मला हे काम शिकवलं, टपल्या मारमारून. त्या दिवशी आमचं काम होतं काळ आणि नाद यांची विद्या शिकवणाऱ्या विद्यालयात. जादूचं विद्यालय म्हणतात त्याला लोक. मी मनात हसलो होतो.

फाटकाशी एका मुलीने टाळी वाजवली.

आवाज आला नाही.

मी दहा पावलं पुढे गेलो, आणि मग... टाळी माझ्या मानेमागे वाजली.

मुलगी फाटकाशीच उभी होती. दादाने माझा चेहरा बघून घेतला आणि म्हणाला, चल, पेटी उचल.

तिथल्या मोठ्या बाईंनी मनोऱ्याची किल्ली देताना एकच गोष्ट बजावली.

"घंटेचा आवाज दाबू नका. इथे दाबलेला आवाज मरत नाही. ज्याने दाबला, त्याच्या हातून बाहेर पडतो."

मी मान डोलावली. गिऱ्हाईक काय वाटेल ते सांगतं, आपण हो म्हणायचं असतं.

जिना चढताना दादा सहज बोलावं तसं बोलला, की हे तुझं शेवटचं मनोऱ्याचं काम. पुढच्या महिन्यापासून मनोरे माझे जावईबापू बघतील. तू दुकानात बसून सेल बदल.

वीस वर्षं मी त्याच्यामागे पेटी वाहिली होती. माझ्या तोंडात शिवी आली होती. मी ती गिळली.

दादा खालच्या खोलीत यंत्रापाशी थांबला. दार त्याने आतून लावलं. मी शिडीने वर घंटेपाशी गेलो. घंटेची हातोडी माझ्या कानापासून हातभर अंतरावर होती. अशा वेळी आम्ही हातोडीला फडकं गुंडाळतो, नाहीतर कान कामातून जातात. कान माझे जाणार होते, बाईंचे नाही. मी फडकं गुंडाळलं. चांगलं चार पदरी.

दादाने खालून हाक दिली, चालू करतोय.

काटे बारावर आले. हातोडी उचलली गेली. घंटेवर आपटली.

काहीच ऐकू आलं नाही.

फडक्याचा धप्प आवाजही नाही. खाली अंगणात मुलं बोलत होती, तीही गप्प. लंबक हलत होता, टिकटिक नव्हती...

आणि मग खालच्या खोलीत काहीतरी फुटल्यासारखा आवाज आला. पाठोपाठ दादाची किंकाळी.

मी झडपेतून खाली वाकून पाहिलं. दादा गुडघ्यांवर होता. डोक्यातून रक्त वाहत होतं. खोलीत दुसरं कुणीही नव्हतं.

हातोडी पुन्हा आपटली.

दादाचा खांदा मोडताना मी पाहिला. मारणारं कुणी दिसेना. माझ्या मनगटाला मात्र झिणझिण्या आल्या, जोराने काही हाणल्यावर येतात तशा.

तिसरा. त्याचा जबडा.

चौथ्याला तो आडवा झाला. मी ओरडलो, पण माझाच आवाज मला ऐकू आला नाही. पाचव्याला तो हात वर करून काहीतरी म्हणत होता. बघत होता समोर. वर माझ्याकडे नाही... समोर. सहाव्याला तो हात कोपरातून उलटा वळला.

तेव्हा मला बाईंचं बोलणं आठवलं. मी फडक्याला झोंबलो. गाठ मीच मारलेली, पक्की. सातवा ठोका पडला तेव्हा माझी बोटं हातोडी आणि घंटेच्या मध्ये होती. फडकं सुटलं, बोटंही गेली.

आठवा ठोका वाजला. घंटेचा. खणखणीत.

मग नववा, दहावा, अकरावा, बारावा. खाली एकदम मुलांचा गलका ऐकू आला. त्यांनी बाराचे पाचच ठोके ऐकले होते. त्यांनी मला कमानीतून वर घंटेपाशी पाहिलं होतं, सगळा वेळ. म्हणून मी आज तुरुंगाबाहेर आहे.

एका हाताने मला शिडी उतरता येईना, म्हणून दार फोडून दादाला काढावं लागलं. कडी आतूनच होती.

तो दवाखान्यात तीन दिवस जगला. मोडक्या जबड्याने त्याने पोलिसांना सांगितलं, शिडीवरून पडलो. वहिनीलाही तेच सांगितलं. तिसऱ्या दिवशी त्याने सगळ्यांना बाहेर पाठवलं आणि मला जवळ बोलावलं.

"सात मोजले मी," तो म्हणाला. "तूही मोजत होतास, माझ्यासमोर उभा राहून. आठव्याला का थांबलास?"

मी त्याचा हात धरून रडलो. मी वर होतो दादा, वर होतो, इतकंच म्हणत राहिलो. तो माझ्या डोक्यावर हात ठेवायला गेला, पण त्याला हात उचलता आला नाही. संध्याकाळी तो गेला.

मोठ्या बाई भेटायला आल्या होत्या. मी त्यांना विचारलं, फक्त घंटाच दाबली होती ना मी? त्या माझ्या उजव्या हाताकडे बघून उठल्या.

आता मी दुकानात बसतो. ठोक्यांची घड्याळं घेत नाही. जावई शेजारच्या खुर्चीवर असतो. मी मुलीसारख्या वाढवलेल्या पुतणीचा नवरा, पोरगा वाईट नाही, फक्त तोंडाळ आहे. काल तो गिऱ्हाइकासमोर मला म्हणाला, काका, आठ बोटांत घड्याळं होत नाहीत, तुम्ही आपले घरी बसा.

तोंडात आलेली शिवी मी गिळली. नेहमीसारखी.

आणि मग... मनगटाला झिणझिण्या आल्या.

मी त्याला म्हटलं, तू आज लवकर घरी जा. तो हसला, आणि तिथेच बसून राहिला.