होलुबिनच्या बुरुजातली ती

विश्वास ठेवा किंवा नका ठेवू, पण यातला शब्दन् शब्द खरा आहे. मागच्या ऑक्टोबरात, बोहेमियातल्या होलुबिन किल्ल्यावर, माझ्या क्वेतामावशीच्या बाबतीत हे घडलं.

तेही भर दुपारी.

मावशी आणि तिचा नवरा ल्युबोर जुन्या किल्ल्यांवर माहितीपट करतात. तो कॅमेरा धरतो, ती आवाज टिपते.

त्या दुपारी बुरुजातल्या खोलीचं रंगवलेलं लाकडी छत टिपायला तो एकटाच वर गेला. कॉलरला माइक. मावशी खाली अंगणात, कानांना हेडफोन लावून.

आधी नुसता वारा...

मग ल्युबोरचा आवाज. अगदी हळू.

"थोडी उजेडाकडे वळ ना... हां, अशीच."

मावशीच्या अंगाचा तिळपापड झाला. इतक्या लाडानं तो तिच्याशी शेवटचं कधी बोलला होता?

वर नक्कीच ती गाइड असणार. द्राहोमीरा. सकाळपासून त्याच्या प्रत्येक फालतू विनोदावर खिदळत होती.

"थांब, बघतेच तुला!"

मावशी तरातरा निघाली, तर द्राहोमीरा फाटकातून आत येत होती. हातात सूपचा डबा.

"क्वेताबाई, गरम लसणाचं सूप आणलंय. साहेब कुठेत?"

मावशी जागीच थिजली.

कानांवरच्या हेडफोनमध्ये कुणीतरी हसलं...

बाई होती.

मावशी धावत जिना चढली. खोलीत ल्युबोर एकटाच. कॅमेरा खिडकीतल्या रिकाम्या दगडी बाकावर रोखलेला.

"कोणाशी बोलत होतास?"

"वेड लागलंय का तुला? मी तोंडही उघडलं नाही."

खोटं बोलताना त्याचे कान लाल होतात. तेव्हा झाले नव्हते.

संध्याकाळी खानावळीत दोघांनी ते ध्वनिमुद्रण ऐकलं. वारा होता. ल्युबोरचा आवाज कुठेच नव्हता.

बाईचं हसू मात्र होतं...

आणि शेवटी, माइकला ओठ लावून बोलल्यासारखं...

"तिला खालीच राहू दे."

मावशीनं घाईघाईनं ते बंद केलं.

ल्युबोर घाबरला नाही. गालातल्या गालात हसला.

"पुन्हा लाव ना."

मावशीनं त्याच रात्री ते पुसून टाकलं. पण हिवाळ्यात किल्ला बंद असूनही तो दर रविवारी एकटाच होलुबिनला जातो. विचारलं तर म्हणतो, "उजेड बघून येतो."

परवा मावशीचा फोन आला.

"जिवंत बाई असती तर झिंज्या उपटल्या असत्या गं तिच्या. आता भांडू कोणाशी?"

तेवढ्यात फोनमधून गाडी सुरू झाल्याचा आवाज आला...

"निघाला बघ," मावशी म्हणाली.

परवा रविवार नव्हता.