मास्तरांनी कापलेले अकरा सेकंद

शाळा आठवीतच सुटली माझी, तेव्हा शुद्धलेखनाच्या चुका पोटात घाला. शब्दही साधेच आहेत. वीज गेली होती त्या रात्री प्रोजेक्टरवाल्या काकांनी आम्हा पोरांना सांगितलं, तसंच लिहितो.

"काका, फेकू नका हं," एक जण म्हणाला.

"फेकतोय वाटलं तर खुशाल घरी जा. अंधारात. एकटा."

कुणी हललं नाही.

गोष्ट काकांच्या दोस्ताची. चाळीस वर्षं सिनेमे कापले-जोडले, म्हणून सगळे त्यांना कात्रीमास्तर म्हणत. एका जुन्या सिनेमाची नवी प्रत काढायची होती. मास्तर आपलीच जुनी रिळं टेबलावर लावून तपासत बसले होते. मंगळवारची रात्र, दोन वाजून दहा मिनिटं. मुद्दाम शेवटी ठेवलेलं सातवं रीळ त्यांनी मशीनवर चढवलं.

या रिळात धाकट्याचं एकच वाक्य होतं. धाकटा म्हणजे दिग्दर्शकाचा सख्खा भाऊ. नट होता. वाक्य छान म्हटलं होतं त्यानं, पण लय अडते म्हणून मास्तरांनी ते परस्पर कापलं. दिग्दर्शकाला, म्हणजे दादांना, सांगितलं, "तुकडा खराब निघाला." आणि धाकट्यानं रडवेला होऊन विचारलं, तेव्हा तोंडून निघून गेलं, "मी काय करू? दादांनीच काढायला लावलं."

त्या दिवसापासून धाकटा भावाशी बोलला नाही. मरेपर्यंत.

रीळ सरकू लागलं. धाकटा दारात आला. इथे काप होता. आता रस्ता दिसायला हवा...

रस्ता आला नाही.

धाकटा दारातच.

मास्तरांनी मशीन थांबवलं. चित्र थांबलं.

थांबलेल्या चित्रात धाकट्याची पापणी लवली.

नजर वळली. मास्तरांकडे.

"दादांनी..." मास्तर सवयीनं म्हणाले. आणि अडकले.

धाकटा बघत राहिला...

"दादांनी नाही. मी... मीच."

धाकट्याचे ओठ हलले. आवाज नाही. मशीनचा दिवा विझला.

सकाळच्या उजेडात मास्तरांनी ती फिल्म बोटांमधून सरकवली. कापलं होतं तिथे चिकटपट्टीचा जोड बोटांना लागलाच नाही. अकरा सेकंद सलग, वाक्यासकट. आणि तो तुकडा तर त्यांनी तेव्हाच स्वतःच्या हातानं जाळला होता.

चहासुद्धा न घेता ते दादांच्या घरी गेले. ऐंशीच्या दादांनी काठी टेकत दार उघडलं.

"अरे, इतक्या सकाळी? ये, आत ये."

मास्तर आत गेले नाहीत. उंबऱ्याबाहेरच उभे राहून म्हणाले, "दादा, तो तुमच्याशी का बोलत नव्हता, ते सांगायला आलोय."