जिलबीचा खुळखुळा

बंगळूरला मल्लेश्वरमच्या एका खेळण्यांच्या दुकानात चन्नपट्टणचा लाकडी खुळखुळा एकच उरला होता आणि त्यावर हात दोन पडले. एक माझा. दुसरा... ओरखड्यांनी भरलेला.

मी आईशी फोनवर मराठीत बोलत होते, ते त्यानं ऐकलं असावं.

"घ्या तुम्हीच," तो म्हणाला. "अक्काच्या पोराला मी दुसरं बघतो. बारसं कुणाचं ओ?"

"माझ्या लेकीचं."

त्याचा चेहरा उतरला आणि मला गुदगुल्या झाल्या. लेक म्हणजे दोन महिन्यांचं कुत्र्याचं पिल्लू, हे मी मुद्दाम सांगितलं नाही. आईनं तिला पाळण्यात घालायचा हट्टच धरला होता. हौसेला मोल नसतं.

बारसं थाटात झालं. नाव ठेवलं जिलबी. दुसऱ्या दिवशी सकाळी पाहते तर खुळखुळ्याची दोन भकलं, जमिनीवर सांडलेले मणी... आणि जिलबी काहीतरी गिळत होती.

तिला ओढणीत गुंडाळून मी जवळच्या प्राण्यांच्या दवाखान्यात पळाले. डॉक्टरच्या खुर्चीत तोच बसला होता. योगीराज, निपाणीचा.

"ही... लेक?"

मी मान खाली घातली. तो हसला नाही. जिलबीचं पोट हलकेच चाचपत म्हणाला, "पिल्लासाठी हाय म्हटला असतासा, तर घेऊच दिला नसता. पोरं चोखतात, ही फोडती. हिला तोंडात मावणार न्हाई एवढं, रबराचं पायजे. स्वल्प मऊ, पण तुकडा न निघणारं."

"वाचेल ना ती?"

"मणी बारीक हाय. शीतून पडंल बहुतेक. उलटी झाली, खायची थांबली, तर लगेच आणा."

बहुतेक... त्या एका शब्दानं माझ्या तोंडचं पाणी पळालं. ऑफिसला दांडी मारून मी तिच्याजवळ बसून राहिले. तिनं नुसती जांभई दिली तरी काळीज लक्कन हलायचं. मधूनमधून त्याचा फोन यायचा. "खाल्ली काय?" एवढंच विचारायचा, आणि मला धीर यायचा.

दुसऱ्या दिवशी दुपारी मणी पडला. मी रडतरडतच त्याला कळवलं. पलीकडे त्यानं लांब श्वास सोडला.

"केतकी... आता फोन करायला निमित्त न्हाई उरलं."

"खेळणं घ्यायचंय की जिलबीला. मला एकटीला निवडायची भीती वाटते."

"तेवढंच?"

"नाही... तुम्ही आवडलात मला. दुकानातच. म्हणून तर चिडवलं."



"दवाखाना रोज आठला बंद करतो मी," तो हळूच म्हणाला. "आज सहालाच करतो."