सेनापती सबिदियसांची तलवार

सेनापती सबिदियस आपल्या आसनावर ताठ बसलेले होते. अंगावर जांभळ्या काठाचा, अंगाभोवती गुंडाळून नेसायचा राजसभेचा झगा होता आणि छातीत एकच खोल घाव. तलवार मात्र कोठेच नव्हती.

"दुपारी नगरपालांची माणसं येतील," त्यांची कन्या सबिदिया नेव्हियसला म्हणाली. "धनी घरात मारला गेला, की घरातल्या एकूण एक गुलामाला देहदंड. काका, यातल्या निम्म्यांनी मला अंगाखांद्यावर खेळवलंय."

नेव्हियस हा तिच्या वडिलांच्या हाताखालचा जुना सैनिक. आता लोकांची गुपिते उकलणे हाच त्याचा व्यवसाय होता. तो क्षणभर मृतासमोर स्तब्ध उभा राहिला. डॅन्यूबच्या हिमात सैनिकांच्याच पंक्तीला जेवणारा, सीरियाच्या दुष्काळात कोठारे उघडणारा, तीन सम्राटांच्या सभेत खरे तेच बोलणारा हा पुरुष. चौथ्या सम्राटाने त्याला राजद्रोहाचा जाब देण्यासाठी बोलावले होते.

"एकाच वारात संपवलंय," सोबतचा ग्रीक वैद्य हेरास म्हणाला. "कुणा दांडग्याचं काम."

"झगा बघ," नेव्हियस म्हणाला. "बाजूला सारलाय. आतला अंगरखाही गळ्याशी उघडलाय. कशालाच छिद्र नाही."

"म्हणजे?"

"वैद्य तू आहेस. विचार कर."

सेवक कार्पस पुढे आला.

"काल दिवेलागणीला मालकांनी झगा नेसवायला सांगितला. जुन्या जखमेनं डावा हात अधू, एकट्याला जमत नसे. म्हणाले, 'चुण्या नीट घाल रे, नाहीतर शेतातलं बुजगावणं दिसेन.' मग जा म्हणाले. पहाटे पाणी घेऊन निघालो, तर पुढच्या दालनात पूर्वजांच्या मुखवट्यांची कपाटं सताड उघडी. वाटलं, आज सण आहे आणि मीच विसरलो. आत गेलो, तर हे असं."

"कपाटांना तू हात लावतोस?"

"गुलामानं? हात जागेवर राहील का, मालक?"

पुतण्या रुफिनस सेनापतींचा दत्तक वारस होता. लवकरच त्याला स्वतंत्र सेना मिळायची होती. तो कमरेच्या किल्लीशी चाळा करीत बोलला.

"कार्पसच्या ओरडण्यानं जाग आली. सबिदियाच्या मागोमाग धावलो. मारेकरी याच घरात आहे."

"आणि तलवार?"

"तुमच्या वैद्याला विचारा. प्रेताची नाडी बघून सांगेल."

हेरास गोरामोरा झाला.

"मी पुढं होते," सबिदिया हळूच म्हणाली. "पळताना आजोबा-पणजोबांचे ते मेणाचे चेहरे माझ्याकडं बघत होते. अजून डोळ्यांपुढून जात नाहीत."

नेव्हियसने सर्वांना त्या कपाटांपुढे एकत्र बोलावले.

"सेनापतींना कोणी मारलं नाही. मारेकरी कपड्यांवरूनच भोसकतो. छाती उघडी करतो तो स्वतःच्या हातानं जाणारा. मानानं जायचं, म्हणून त्यांनी तो झगा नेसून घेतला."

"मग तलवार काय चालत गेली?" रुफिनसने विचारले.

"कोणीतरी नेली. ही कपाटं एक तर सणाला उघडतात, नाहीतर घरात मृत्यू झाल्यावर. आज सण नाही. प्रेत दिसण्याआधीच कार्पसला ती उघडी दिसली; तो ओरडला तेव्हा धावणाऱ्या सबिदियानंही मुखवटे पाहिले. म्हणजे तोवर मृत्यूची खबर एकाला होती. या कपाटांची किल्लीही एकाकडंच आहे. तलवार लपवण्याचं भान तुम्हाला राहिलं, रुफिनस. पण रिवाज हातून आपोआप पाळला गेला."



"खून ठरला, तर राजकीय इतमामानं अंत्ययात्रा," रुफिनस म्हणाला. "आत्महत्या ठरली, तर राजद्रोहाचा गुन्हा कबूल केल्यासारखं होतं. माझी सेना जाईल. काकांचं नावही शिलालेखांवरून खरवडून काढतील. एवढी कीर्ती, आणि तिच्यासमोर काय? गुलाम."

"दादा," सबिदिया म्हणाली, "बाबांनी हे चालू दिलं असतं?"

आपल्या शय्येखालची तलवार आणून रुफिनस उंबरठ्यावर वाट पाहत उभा राहिला. दुपारी नगरपालांच्या माणसांना त्याने स्वतःच सारे सांगितले. त्यांनी आणलेल्या साखळ्या रिकाम्याच परत गेल्या.

राजधानीने शोक पाळला नाही. रुफिनसला सेना मिळाली नाही. शिंगे न वाजता, मुखवट्यांची मिरवणूक न निघता सेनापतींचा देह चितेकडे निघाला. खांदा देण्यासाठी मात्र घरच्या माणसांची इतकी दाटी झाली, की वारसाला आपली पाळी येईपर्यंत मागूनच चालावे लागले.