वाळूतली हाक

प्रयोगशाळेतल्या उबदार कपाटात वीस पारदर्शक अंडी मांडलेली होती आणि प्रत्येकात एक जिवंत पिल्लू हट्टाला पेटल्यासारखे बसून राहिले होते.

"आठवडा उलटला," डॉ. वैजयंती हटवार स्वतःशीच पुटपुटल्या. "वाढ पूर्ण झाली, हृदयाचे ठोके उत्तम, कवच फोडायचा दातसुद्धा आला. मग अडतंय कुठे?"

ही अंडी चित्रा कासवाची होती, पण कोणत्याही कासवीने घातलेली नव्हती. चित्रा हे मऊ पाठीचे, नदीच्या तळवाळूत स्वतःला गाडून घेणारे कासव. मान लांबलचक, डोके इवलेसे, पाठीवर रांगोळीसारखी नक्षी, आणि पूर्ण वाढले की परातीपेक्षा मोठे. प्राणहिता नदीत ते शेवटचे कोणी पाहिले त्याला एक पिढी लोटली होती. पाण्यात राहणाऱ्या प्रत्येक जीवाच्या कातडीचे सूक्ष्म कण पाण्यात मिसळतात आणि त्यांवरून तो जीव ओळखता येतो. या 'वंशजल चाचणी'ने सलग तीन वर्षे नदी तपासली होती. निकाल प्रत्येक वेळी शून्य. म्हणून वैजयंतींनी शीतपेढीत गोठवून ठेवलेल्या कातडीच्या जुन्या पेशी जाग्या केल्या, त्यांच्यापासून बीज आणि शुक्रपेशी घडवल्या आणि गर्भ कृत्रिम कवचपात्रांत वाढवले. चौदा वर्षांचे काम शेवटच्या पायरीवर येऊन थबकले होते.

एक कवच त्यांनी हाताने फोडून पाहिले होते. पिल्लू बाहेर आले, पण पिवळा बलक पोटात न जाता बाहेरच लोंबत राहिला. संध्याकाळपर्यंत ते गेले. दुसरे कवच फोडायला मग कोणाचा हात धजला नाही.

"मॅडम, ती बोलतायत!"

निखिलेश वालदे दार ढकलून आत आला. हा तरुण ध्वनितज्ज्ञ चार दिवसांपूर्वीच नागपूरहून आला होता आणि प्रत्येक कवचाला त्याने मोहरीएवढे ध्वनिग्राहक चिकटवले होते.

"काय बोलतायत?"

"स्वर इतका खालचा आहे की आपल्या कानांना तो कळतच नाही. मी तो वर चढवलाय. ऐका!"

भिंतीवरच्या कर्ण्यातून आधी एक बारीक गुरगुर आली, मग दुसरी, मग अनेक. एकमेकांवर चढणाऱ्या त्या आवाजांनी खोली भरली आणि एकाएकी सगळे थांबले.

"संपलं?"

"थांबा जरा."

शांतता. मग पुन्हा तोच गलका, पुन्हा तशीच शांतता.

"आधी वाटलं यंत्र बिघडलं," निखिलेश म्हणाला. त्याला एका जागी उभे राहवत नव्हते. "पण वीसच्या वीस एकाच क्षणी गप्प होतात. फोन लागला की आपण 'हॅलो, हॅलो' करतो आणि थांबतो ना? अगदी तसं."

वैजयंती स्टुलावर टेकल्या. "म्हणजे ती ऐकतायत. उत्तराची वाट बघतायत."

"पण अंड्यातून बाहेर यायला उत्तर कशाला हवं?"

"विचार कर ना! वर घारी, कोल्हे. पाण्यात मरळ टपलेली. एकटं निघालेलं पिल्लू वाचत नाही. सगळ्यांनी एकदम निघायचं, तेही जवळच्या खोल पाण्यात आपलं मोठं माणूस आहे याची खात्री पटल्यावर. ती हाक आली की बलक पोटात ओढायचा आणि कवच फोडायचं. हाक नाही, म्हणजे बाहेर धोका आहे. आपण फोडलेलं पिल्लू म्हणून गेलं रे! त्याला अजून निघायचंच नव्हतं."

"मग आपण देऊ हाक!"

"कोणत्या आवाजात? चित्रेचा आवाज आजवर कोणी नोंदवलेलाच नाही."

"गणित करू. शरीर जेवढं मोठं तेवढा स्वर खाली. पिलांवरून आईचा आवाज काढता येईल."

दोन दिवस त्याने शेकडो स्वर घडवले. प्रत्येक शांततेत एकेक सोडून पाहिला. पिल्ले ऐकत, क्षणभर घोटाळत आणि पुन्हा आपली पहिली विचारणा सुरू करत. एकही फसले नाही. पारदर्शक कवचांतला बलक मात्र आटत चालला होता.

"आपण हवेतून ओरडतोय," तिसऱ्या दिवशी वैजयंती अचानक म्हणाल्या. "त्यांचे कान वाळूतून ऐकायला घडलेत. सामान भर. नदीवर जाऊ."

कार्तिकातल्या प्राणहितेचे पाणी निवळले होते आणि मधोमध लांब वाळवंट उघडे पडले होते. नावाडी समय्याने नाव वाळवंटाच्या काठाला लावली. अंडी वीतभर खोल पुरली गेली. भोवती वाळूतला आवाज टिपणारी चार वाळूश्रवणी यंत्रे रोवली. पिल्ले निघालीच तर निसटू नयेत म्हणून पाण्याच्या बाजूने जाळीही उभी राहिली, कारण त्यांना परत नेऊन संशोधन केंद्राच्या टाक्यांत वाढवायचे ठरले होते. जगात होती ती एवढीच. मग निखिलेश आणि समय्या पाण्याखाली आवाज काढणारा जलकर्णा जवळच्या डोहात सोडण्यासाठी नाव घेऊन निघाले.

वैजयंती वाळूवर गुडघे टेकून बसल्या. ऊन पाठीवर चढत होते. हातातल्या बिनतारी यंत्रावरून निखिलेशचे काहीतरी बोलणे तुटक ऐकू येत होते.

वाळू हलली.

त्यांनी डोळे चोळले. वाळूला भेग पडली, ती रुंदावली आणि तिच्यातून एक अणकुचीदार इवलेसे नाक बाहेर आले. त्यामागे दुसरे. मग सगळी जागाच उकळी फुटल्यासारखी ढवळून निघाली.

"निखिलेश!" त्या यंत्रात किंचाळल्या. "फुटली! सगळी फुटली! बलक पोटात आहे, अरे, एकदम टुणटुणीत आहेत! कोणता स्वर लावलास? तोच ठेव, बदलू नकोस!"

पलीकडून यंत्र खरखरले.

"मॅडम," निखिलेशचा आवाज बदलला होता, "कर्णा अजून नावेतच आहे. समय्या दोरीची गाठ सोडवतोय."

वैजयंतींनी मान वळवून नदीकडे पाहिले. पाणी नेहमीसारखेच वाहत होते.

नाव टेकायच्या आत निखिलेशने पाण्यात उडी टाकली आणि धडपडत येऊन वाळूश्रवणींचा पडदा उघडला. पिलांचा गलका, मग शांतता. आणि त्या शांततेत एक लांब, संथ लाट उमटलेली होती, त्याने काढलेल्या कोणत्याही स्वरापेक्षा खालची.

"पाण्याकडच्या यंत्राला ती आधी पोचलीय. नदीतून आलीय!"

"एखादा पंप असेल. घाई करू नकोस," वैजयंती म्हणाल्या.

"पंप एकसारखा चालतो. हा आवाज पिल्लं थांबली की सुरू होतो आणि ती बोलू लागली की थांबतो. आणि मॅडम, दोन दिवस आपण त्यांना फसवून पाहिलं. ती फसतात का?"

"मग तीन वर्षांचं ते शून्य?"

"एवढ्या नदीतून आपण बाटल्या भरून पाणी घेत होतो, आणि हा जीव वाळूत गाडून घेऊन पडणारा. शून्य म्हणजे आपल्याला सापडलं नाही, एवढंच."

एव्हाना पिल्ले जाळीला भिडली होती. रुपयाएवढ्या पाठी, ताणलेल्या माना, सगळ्यांचा रोख एकाच दिशेला. वैजयंती उठल्या. चौदा वर्षे. प्रत्येक पिल्लाचा पहिला ठोका त्यांनी पाहिला होता. त्यांनी दोन्ही हातांनी खुंट उपटला आणि जाळी वर धरली.

"मॅडम! टाक्या तयार आहेत. वरून विचारतील, पिल्लं कुठे आहेत म्हणून!"

"सांगू. घरचं माणूस आलं आणि घेऊन गेलं."

पिल्ले घसरत, एकमेकांवर चढत पाण्यात शिरली आणि दिसेनाशी झाली. समय्या नावेतच उभा राहून हसत होता. वैजयंतींना हसू येत होते की रडू, ते त्यांनाही कळत नव्हते.

"थांबा, थांबा!" निखिलेश पडद्यावर ओणवला. "दुसरा!"

"दुसरा काय?"

"आवाज! वरच्या अंगाच्या डोहातून. आणि पहिला बंद झालेला नाही, मॅडम. दोन्ही एकाच वेळी चालू आहेत!"

वैजयंतींनी झटकन खाली पाहिले. सर्वांत मागे राहिलेले पिल्लू पाण्याच्या कडेशी थबकले होते. त्याने मान लांब केली, क्षणभर ऐकले आणि बाकीच्यांची वाट सोडून ते वरच्या डोहाकडे वळले.