दोनशे चौदावं घर

धुराचा डिटेक्टर छताच्या मध्याला बसवायचा, कोपऱ्यात नाही. कोपऱ्यात हवा साचून राहते, धूर तिथं सगळ्यात शेवटी पोचतो. पंख्यापासून तीन फूट लांब. हे काय, कोणीही सांगेल. शिडीवर चढून टेपने मोजणारी मात्र मी एकटीच. एकोणीस वर्षं झाली या कामाला, दोनशे तेरा घरं झाली, आणि एकाही घरात खोटा अलार्म नाही. मी स्वतःची पाठ स्वतःच थोपटून घेतेय असं वाटलं तर खुशाल वाटू दे. दुसरं कोण थोपटणार?

माझी एक पद्धत आहे. या वायरलेस सिस्टीममध्ये धूर लागला की भोंगा वाजायच्या आधी दाराजवळची पेटी खोलीचं नाव बोलते. ते नाव बसवणाऱ्याने आपल्या आवाजात भरायचं असतं. बाकीचे लोक पेटीपुढे खुर्ची टाकतात आणि सगळ्या खोल्या एका दमात उरकतात. मी रिमोट घेऊन त्या त्या खोलीत जाते, डिटेक्टरखाली उभी राहते आणि तिथं बोलते. प्रत्येक खोलीत आवाज वेगळा लागतो हो. स्वयंपाकघरात तो भांड्यांना लागून येतो, झोपायच्या खोलीत गाद्या तो पिऊन टाकतात. गडबडीत शब्द कळला नाही तरी घरातल्या माणसाला खोली कळते.

दोनशे चौदावं घर ताईचं, माझ्या सख्ख्या थोरल्या बहिणीचं. भाऊजी गेल्यापासून ती एकटीच असते आणि घरीच शिवणकाम करते. सहा वर्षं मी तिच्या मागे लागले होते. ती म्हणायची, माझ्याबरोबर एक भोंगा लहानपणापासून वाढलाय, दुसरा कशाला हवा? माझ्या आवाजाला ती भोंगाच म्हणते. गिऱ्हाइकं कौतुक करतात, हिने जन्मात कधी बरा म्हटला नाही. पण तिची मागची खोली छतापर्यंत कापडाने भरलेली. ठाणं, अस्तरं, चिंध्यांची पोती, आणि मधोमध मशीन नि तापलेली इस्त्री. त्या खोलीत ती दिवस काढायची आणि इकडे माझा जीव टांगणीला. शेवटी यंदा तयार झाली.

चार डिटेक्टर बसवले, नावं भरली, पेटीपाशी येऊन एकेक ऐकलं. बैठक ठीक. स्वयंपाकघर ठीक. झोपायची खोली ठीक. मागची खोली घुमली.

मी परत त्या खोलीत गेले आणि टाळी वाजवली. टाळी कापडात तिथल्या तिथे मेली. पुन्हा नाव भरलं, पेटीत पुन्हा घुमलं. रिमोट बदलला, डिटेक्टर बदलला, नवीन बॅटरी घातली. आवाज माझाच होता, अगदी खणखणीत, पण भिंतींखेरीज काहीही नसलेल्या खोलीत उभं राहून बोलल्यासारखा.

असा आवाज मी एकदाच ऐकला होता. दुसऱ्याच कोणी काम केलेल्या एका घरात आग विझल्यावर मला पाहणीला बोलावलं होतं. दारातून आत गेले, सहज खोकले, तर खोकला चारी भिंतींवरून परत आला. जळण्यासारखं होतं ते सगळं जळून गेलेलं होतं.

ताईच्या खोलीतला बोर्ड उघडला, इस्त्रीची वायर बोटांनी चाचपली, चाचणीच्या डब्यातला धूर सोडून डिटेक्टर तीनदा तपासला. सगळं चोख. म्हणजे माझ्या हातात पुरावा काय, तर एका शब्दाचा घुमारा. एवढ्यावर तिला तिच्या खोलीतून उठवायचं? पण नाही उठवलं आणि काही झालं, तर ही एकोणीस वर्षं घेऊन मी करू काय? ताई एकच आहे मला.

"ताई, मशीन बैठकीत हलव," मी म्हटलं. "कारण विचारू नकोस."

तिने चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. "तुझा पहिला खोटा अलार्म माझ्याच घरी होय?"

"असू दे. होऊ दे माझा कचरा."

हे ऐकल्यावर मात्र ती हसली नाही. माझी मान कुठे झुकत नाही हे तिला चांगलं ठाऊक. दोन दिवस आम्ही दोघींनी ठाणं वाहिली. खोली झाडून मोकळी केली, अगदी खिळ्यावरची मोजपट्टीसुद्धा काढली.

तिसऱ्या दिवशी दुपारी त्या उघड्या खोलीत उभी राहून मी पुन्हा नाव भरलं. बोलताना माझ्याच कानात दडे बसले, एवढी ती घुमत होती.

पेटीत ऐकलं. "मागची खोली." जाड, बसका, कापडात मुरलेला आवाज. आणि त्याच्या मागे, अगदी हळू, शिवणाच्या मशीनची टकटक.

बैठकीत ताई उशीच्या अभ्र्याला बटण लावत होती. मशीनवर झाकण होतं.

मी बैठकीचं बटण दाबलं. ते नाव मी पहिल्याच दिवशी भरलं होतं, तेव्हा ते ठीक होतं.

बैठक घुमली.

मी ताईला तिथं घटकाभरही ठेवलं नाही. चार कपडे, शिवणाचा डबा, औषधं, आणि आली माझ्याबरोबर. "लाडाने आणतेस की धाकाने?" एवढंच तिने विचारलं. मी म्हटलं, दोन्ही.

माझ्या घरी सहा डिटेक्टर आहेत. दर रविवारी तपासलेले. आवाज अकरा वर्षांपूर्वी भरलेला, त्यानंतर मी त्याला हात लावलेला नाही. अख्ख्या गावात कोणाचं घर माझ्या घराइतकं सुरक्षित असेल तर दाखवा. ताईला बैठकीत खिडकीजवळ बसवलं, पाणी दिलं, आणि माझा जीव भांड्यात पडला.

मग सवयीने पेटीपाशी गेले.

स्वयंपाकघर. भांड्यांना लागून आलं.

जिना. ठीक.

झोपायची खोली. ठीक.

बोट बैठकीच्या बटणावर थोडा वेळ नुसतंच राहिलं. मग दाबलं.

ताईने दातांनी दोरा तोडला. वर पाहिलंच नाही.

"आवाज चांगला आहे गं तुझा," ती म्हणाली. "इथं कसा घुमतो बघ."